वादळातून घडलेले कवच : लोणावळा–खोपोली जलविद्युत प्रकल्पाची वाटचाल

पावसाळ्यात अरबी समुद्रावरून निघालेले ढग कोकणपट्टी ओलांडून सह्याद्रीला भिडतात आणि लोणावळा–खंडाळ्याच्या माथ्यावर रिते होतात. येथे वर्षाला सरासरी चार हजार मिलिमीटरांहून अधिक पाऊस पडतो. पूर्वेकडे पुण्यापर्यंत जावे तो हा आकडा सातशेच्या आसपास उतरतो. या पावसाबरोबर घाटमाथ्यावरचा वाराही असतो आणि तो उभ्या माणसाला मागे रेटतो. मावळच्या शेतकऱ्याने हा मारा पिढ्यान्‌पिढ्या इरले आणि घोंगडी पांघरून, भातखाचरात वाकून सोसला. पाणी मात्र आले तसे ओढ्यानाल्यांतून वाहून गेले.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला याच वादळी पावसाला अडवून, साठवून आणि घाटाखाली उतरवून त्यातून वीज घडवण्याचे काम मावळात उभे राहिले. चार महिन्यांच्या पावसाने बाराही महिने एका महानगराची पाठराखण करावी, असे कवच माणसाच्या हातांनी तयार झाले. वळवण, लोणावळा, शिरोता आणि ठोकरवाडी ही धरणे मावळवासीयांच्या रोजच्या पाहण्यातली आहेत. त्यांच्यामागे असलेली योजना, श्रम आणि त्याग यांचा क्रमवार वृत्तान्त या लेखात दिला आहे. योजना आखणारे, भांडवल उभारणारे, दगड वाहणारे आणि जमीन देणारे अशा सर्वांचा या इतिहासावर सारखाच हक्क आहे, या भूमिकेतून तो लिहिला आहे.

१९०० ते १९१० : कल्पनेचे दशक

त्या काळी मुंबईच्या कापडगिरण्या वाफेवर चालत. त्यासाठी लागणारा कोळसा दूरवरून रेल्वेने किंवा जहाजाने आणावा लागे. तो महाग पडे आणि गिरणगावावर धुराचे छत कायमचे पसरलेले असे. गिरणीमालक असलेल्या जमशेटजी नसरवानजी टाटा यांना ही अडचण रोजच्या व्यवहारातून ठाऊक होती. लोणावळ्याच्या परिसरात पावसाचे पाणी अडवून ते कोकणाच्या बाजूला सोडावे आणि त्यावर वीज करावी, ही सूचना डेव्हिड गॉस्टलिंग यांनी पुढे आणली. जमशेटजींनी ती मनावर घेतली. पोलादाचा कारखाना आणि विज्ञानसंस्था यांच्या जोडीला जलविद्युत हे त्यांच्या आयुष्यातले तिसरे मोठे स्वप्न झाले.

१९ मे १९०४ रोजी जमशेटजींचे निधन झाले, तेव्हा हे स्वप्न कागदावरच होते. त्यांचे पुत्र दोराबजी टाटा यांनी ते हाती घेतले. पाटबंधाऱ्यांचा अनुभव असलेले आर. बी. जॉयनर आणि सल्लागार अभियंता आल्फ्रेड डिकिन्सन यांनी योजनेला तांत्रिक आकार दिला.

योजनेचे मर्म भूगोलात होते. लोणावळ्याच्या माथ्यावर पडणारे पाणी एरवी इंद्रायणीतून भीमेला, तेथून कृष्णेला आणि शेवटी बंगालच्या उपसागराला मिळते. माथ्यापासून पश्चिमेला काही किलोमीटरवरच मात्र सह्याद्रीचा कडा सरळ खाली तुटतो आणि पायथ्याशी खोपोली आहे. पूर्वेला निघालेले पाणी अडवून पश्चिमेला वळवले, तर त्याला सुमारे पाचशे मीटरची उडी मिळते. भारतात याआधी १९०२ मध्ये कावेरीवर शिवसमुद्रम येथे जलविद्युत केंद्र सुरू झाले होते, पण तेथे बारमाही नदीचा धबधबा होता. लोणावळ्याला नदीचा उगम आणि चार महिन्यांचा पाऊस एवढेच हाताशी होते. म्हणून येथे आधी तलाव बांधणे भाग होते.

भांडवलाचा प्रश्न मोठा होता. लंडनच्या बाजारातून पैसा उभा करण्याचा प्रयत्न मनासारखा झाला नाही. तेव्हा देशातील संस्थानिक आणि मुंबईचे व्यापारी पुढे आले आणि रक्कम देशातच जमली. ७ नोव्हेंबर १९१० रोजी टाटा हायड्रो-इलेक्ट्रिक पॉवर सप्लाय कंपनीची नोंदणी झाली. एवढ्या मोठ्या यंत्रउद्योगात भारतीयांनी आपला पैसा घालण्याचे हे ठळक उदाहरण होते.

१९११ ते १९२० : दगड, चुना आणि पोलादी नळ

८ फेब्रुवारी १९११ रोजी मुंबईचे गव्हर्नर सर जॉर्ज सिडनहॅम क्लार्क यांच्या हस्ते लोणावळ्यात धरणाच्या कामाचा पायाभरणी समारंभ झाला. लोणावळा, वळवण आणि शिरोता ही तीन ठिकाणे निश्चित झाली होती. बोरघाटातून १८६३ पासून रेल्वे धावत होती, त्यामुळे अवजड सामान घाटावर आणणे शक्य झाले. पुढची चढउतार माणसांच्या खांद्यांवर आणि बैलांच्या मानेवर होती.

बांधकामावर सुमारे सात हजार कामगार राबत होते. काळा पाषाण फोडायचा, घडवायचा आणि चुन्यात बसवायचा, असे हे काम. वळवणचे धरण १३५६ मीटर लांब आणि २६ मीटरहून उंच आहे. आजही त्याच्या भिंतीजवळ उभे राहिले की एकेका दगडावरचे छिन्नीचे घाव दिसतात. जून ते सप्टेंबर या काळात घाटमाथ्यावर पायाचे काम चालवणे अशक्य असते. म्हणून पाऊस उघडल्यापासून पुढचा पाऊस येईपर्यंतच्या आठ महिन्यांत जे होईल ते करायचे आणि पावसाच्या तोंडावर ते सुरक्षित करायचे, हीच रीत होती. या कष्टकऱ्यांची नावे कोनशिलांवर नाहीत. धरणाची भिंत हीच त्यांची सही आहे.

शिरोत्याचे पाणी बोगद्यातून वळवणला आणि तेथून दगडी कालव्यांनी खंडाळ्याच्या कड्यापर्यंत नेण्यात आले. कड्याच्या माथ्यावरच्या हौदातून पोलादी नळ थेट खाली खोपोलीला उतरवले गेले. हे नळ जर्मनीतून आणि पाणचक्क्या स्वित्झर्लंडमधून मागवल्या होत्या. कड्याच्या उतारावर नळाचा एकेक तुकडा दोरखंडांनी खाली सोडायचा, दगडी चौथऱ्यावर टेकवायचा, पुढच्याशी जोडायचा आणि उन्हाने लांबणाऱ्या लोखंडाला हालचालीपुरती मोकळीक ठेवायची, या कामात हाताचा अंदाज आणि मुकादमाची नजर यांचीच कसोटी होती.

पाण्याची वीज कशी होते, हे खोपोलीच्या वीजगृहात समजून घेण्यासारखे आहे. पाचशे मीटर उंचीच्या पाण्याचा दाब नळाच्या तळाशी दर चौरस सेंटिमीटरला सुमारे पन्नास किलो असतो. ते पाणी अरुंद तोटीतून बाहेर पडते तेव्हा त्याचा वेग ताशी साडेतीनशे किलोमीटरच्या घरात जातो. समोर पोलादी चाकाच्या परिघावर जोडवाट्या बसवलेल्या असतात. धार प्रत्येक वाटीच्या मधल्या कण्यावर आदळते, दोन्ही बाजूंना दुभंगते आणि जवळजवळ उलटी फिरून आपला सारा जोर चाकाला देते. खाली पडणाऱ्या पाण्यात मग फारसा जोर उरत नाही. या रचनेला पेल्टन चाक म्हणतात. एक घनमीटर पाणी, म्हणजे घराच्या गच्चीवरच्या हजार लिटरच्या टाकीत मावेल तेवढे पाणी, या मार्गाने उतरले की साधारण सव्वा युनिट वीज देते. यावरून मुंबईच्या गिरण्या फिरवायला किती पाणी साठवावे लागले असेल, याचा अंदाज येतो.

फेब्रुवारी १९१५ मध्ये गव्हर्नर लॉर्ड विलिंग्डन यांच्या हस्ते खोपोलीची वीज सुरू झाली. एक लाख व्होल्ट दाबाची तार खोपोलीहून ४३ मैलांवरच्या परळला गेली. एवढ्या दाबाच्या तारा त्या काळी जगातही मोजक्याच ठिकाणी होत्या. म्हैसूर संस्थानातील कावेरीच्या वीजकामाचा अनुभव असलेले एच. पी. गिब्ज यांनी या पहिल्या टप्प्यात कंपनीची यांत्रिक आणि प्रशासकीय घडी बसवली. पहिले महायुद्ध सुरू होते, परदेशातून यंत्रे आणि सुटे भाग मिळणे कठीण होते. तरीही गिरण्या एकामागून एक वाफ सोडून विजेवर आल्या. मागणी एवढी वाढली की १९१६ मध्ये आंध्र व्हॅली पॉवर सप्लाय कंपनी आणि १९१९ मध्ये टाटा पॉवर कंपनी, अशा आणखी दोन कंपन्या स्थापन झाल्या.

१९२१ ते १९३० : तीन खोरी, तीन वीजगृहे

आंध्र व्हॅली या नावात मावळचीच आंद्रा नदी आहे. तिच्या खोऱ्यात ठोकरवाडीचे धरण बांधून पाणी घाटाखाली भिवपुरीला सोडण्यात आले आणि १९२२ मध्ये तेथील वीजगृह सुरू झाले. तिसरी योजना मुळशीची. मुळा आणि निळा या नद्यांचे पाणी मुळशीला अडवून ते कोकणात भिरा येथे उतरवण्यात आले. १९२७ मध्ये भिऱ्याचे वीजगृह चालू झाले. बारा वर्षांत तीन खोऱ्यांतले पाणी तीन ठिकाणी घाट उतरू लागले.

या दशकाचे स्मरण करताना मुळशी सत्याग्रहाचा आदराने उल्लेख केला पाहिजे. धरणाखाली गावे, भातशेती आणि देवळे जाणार होती. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीच्या दिवशी, मुळशीच्या शेतकऱ्यांनी सत्याग्रह सुरू केला. विनायकराव भुस्कुटे आणि पांडुरंग महादेव बापट यांनी त्याचे नेतृत्व केले. बापटांना 'सेनापती' ही पदवी याच लढ्याने दिली. धरणामुळे विस्थापित होणाऱ्यांनी संघटितपणे दिलेला हा देशातील एक आरंभीचा लढा मानला जातो. धरण झाले, गावे उठली, माणसे पांगली. त्या वर्षांत सर्वच बाजूंनी ताण होता आणि तो काळ मागे पडला आहे. परंतु मुळशी, मावळ आणि घाटमाथ्यावरच्या ज्या कुटुंबांच्या जमिनी पाण्याखाली गेल्या, त्यांचे नाव संस्थापकांच्या यादीशेजारीच यायला हवे. तलावाच्या तळाशी असलेली त्यांची खाचरे हा या प्रकल्पाचा पहिला भागभांडवलाचा हप्ता आहे.

याच दशकात मुंबईचा सार्वजनिक व्यवहार विजेवर येत गेला. ३ फेब्रुवारी १९२५ रोजी बोरीबंदर ते कुर्ला ही देशातील पहिली विजेची रेल्वेगाडी धावली. १९२६ पासून मुंबईतील बेस्टने स्वतः वीज निर्माण करण्याऐवजी टाटांकडून घेऊन ती शहरात वितरित करण्यास सुरुवात केली. त्यामुळे दिवे, पंखे, ट्राम आणि गिरण्या हे सारे घाटावरच्या पावसाशी जोडले गेले. १९२९ मध्ये एका अमेरिकी वीजकंपनीच्या भागीदारीतून टाटा हायड्रो-इलेक्ट्रिक एजन्सीज स्थापन झाली आणि तिन्ही कंपन्यांचे व्यवस्थापन एकत्र आले.

१९३१ ते १९५० : स्थिरावलेली वर्षे

मंदीचा आणि नंतर दुसऱ्या महायुद्धाचा हा काळ. नवी मोठी बांधकामे झाली नाहीत, पण चालू असलेले अखंड चालवणे हेच या वर्षांचे मोठे काम ठरले. युद्धकाळात मुंबईचे कारखाने, गोदी आणि गिरण्या दिवसरात्र चालत होत्या आणि त्यांची भिस्त घाटाच्या विजेवर होती.

या वर्षांत ज्यांनी प्रकल्प सांभाळला ती माणसे बहुतेक याच भागातली होती. धरणावर रोज सकाळी पर्जन्यमापक वाचणारे, पाण्याची पातळी नोंदवणारे, कालव्यातला पालापाचोळा आणि गाळ काढणारे, कड्यावर चढून नळांच्या सांध्यांची तपासणी करणारे, वीजगृहात पाळीने बसणारे चालक आणि फिटर, घाटातल्या धुक्यात तारेचा बिघाड शोधत फिरणारे लाइनमन. खोपोलीच्या वसाहतीत यंत्रांच्या आवाजाबरोबर पिढ्या मोठ्या झाल्या. वडिलांनंतर मुलगा आणि नंतर नातू त्याच कामावर, अशी घरे खोपोली, लोणावळा आणि भिवपुरीत होती. एखादा अनुभवी फिटर चाकाच्या आवाजातला बदल ऐकून सांगे की अमुक वाटी झिजली आहे. हे ज्ञान पुस्तकात नव्हते. शेजारी उभे राहून ते एकाकडून दुसऱ्याकडे गेले.

१९५१ ते १९७० : एकट्या पाण्यावरून जोडीच्या कामाकडे

स्वातंत्र्यानंतर मुंबईची वस्ती आणि उद्योग झपाट्याने वाढले. घाटमाथ्याचे पाणी मोजके होते आणि पाऊस कमी पडला की त्या वर्षी वीजही कमी होई. म्हणून १९५६ मध्ये ट्रॉम्बे येथे औष्णिक वीजकेंद्र सुरू झाले. १९६० च्या दशकात कोयनेची वीज आली आणि १९६९ मध्ये तारापूरचे अणुवीजकेंद्र सुरू झाले. तोपर्यंत मुंबईचा मुख्य भार वाहणारे लोणावळा–खोपोलीचे पाणी आता नव्या भूमिकेत आले.

ही भूमिका समजून घेण्यासारखी आहे. कोळशाचे केंद्र थंड पडले की पुन्हा पूर्ण जोराने चालायला कित्येक तास लागतात. पाणचक्की मात्र झडप उघडली की काही मिनिटांत फिरू लागते. संध्याकाळी सातच्या सुमारास घराघरांत दिवे लागतात, तेव्हा एकदम वाढणारी मागणी भागवण्यासाठी घाटातले पाणी राखून ठेवायचे आणि मध्यरात्रीनंतर ते थांबवायचे, अशी पद्धत बसली. पाणी तेवढेच राहिले, ते वापरण्याची वेळ अधिक मोलाची झाली.

याच काळात घाटाखालच्या नद्यांचे रूप बदलले. खोपोलीतून बाहेर पडणारे पाणी पाताळगंगेत, भिवपुरीचे उल्हास नदीत आणि भिऱ्याचे कुंडलिकेत जाते. उन्हाळ्यात आटणाऱ्या या नद्या बारमाही वाहू लागल्या. पाताळगंगेच्या काठी खोपोली–रसायनीचा औद्योगिक पट्टा उभा राहिला. उल्हास नदीच्या पाण्यावर बदलापूर, उल्हासनगर, कल्याण या शहरांची तहान भागू लागली. वीज करून झालेले पाणी अशा रीतीने दुसऱ्यांदा उपयोगी पडले.

१९७१ ते १९९० : तलावांची नवी ओळख

कृष्णेच्या पाण्यावरून महाराष्ट्र, कर्नाटक आणि आंध्र प्रदेश यांच्यात झालेल्या वादात बच्छावत लवादाने टाटांच्या तलावांतून पश्चिमेकडे वळवल्या जाणाऱ्या पाण्याचीही मर्यादा घातली. वर्षाला सरासरी ४२.६ टीएमसी (अब्ज घनफूट) पाणी वळवण्यास १९७६ च्या अंतिम निवाड्याने मान्यता मिळाली. प्रकल्पाला त्यातून स्थैर्य आले.

या दशकांतले सर्वांत सुखद काम वळवणला झाले. सह्याद्रीच्या नद्यांतला महासीर मासा कमी कमी होत चालला होता. वळवणच्या तलावाकाठी १९७० च्या दशकात महासीरचे कृत्रिम प्रजनन केंद्र सुरू झाले. राज्याच्या मत्स्यव्यवसाय खात्याचे माजी संचालक डॉ. सी. व्ही. कुलकर्णी यांनी या कामाचा पाया घातला.

काम नाजूक आहे. पावसाळ्यात पिकलेली मादी अलगद धरायची, पोटावरून हळुवार बोटे फिरवत पिवळसर-केशरी अंडी कोरड्या भांड्यात घ्यायची, त्यावर नराचे वीर्य घालायचे आणि पिसाने हलके ढवळायचे. मग स्वच्छ पाण्याने धुऊन ती अंडी वाहत्या पाण्याच्या उथळ ट्रेमध्ये पसरायची. तीन-चार दिवसांत त्यातून पिल्ले बाहेर येतात. मादीला तोवर पुन्हा तलावात सोडलेले असते. खराब झालेले अंडे वेळीच उचलले नाही तर बुरशी शेजारच्या अंड्यांवर पसरते, म्हणून रात्रीही पाळी ठेवावी लागते. या केंद्रातून वाढलेली बोटुकली देशातल्या अनेक राज्यांच्या नद्यांत आणि तलावांत सोडली गेली. डेक्कन महासीर ही जात आंतरराष्ट्रीय यादीत संकटग्रस्त होती. पुढे ती कमी चिंतेच्या वर्गात गेली. अर्धशतकाच्या या चिकाटीचा त्यात मोठा वाटा आहे.

१९९१ ते २०१० : नवी यंत्रे, जुनी पाणीवाट

पहिल्या पिढीची यंत्रे आता थकली होती. टप्प्याटप्प्याने त्यांच्या जागी नवी यंत्रे आली. खोपोलीला २४ मेगावॉटचे तीन संच बसले आणि क्षमता ७२ मेगावॉट झाली. भिवपुरीची क्षमता ७५ आणि भिऱ्याची १५० मेगावॉट आहे. यंत्रे बदलली तरी धरणे, बोगदे आणि पाण्याची उतरंड सुरुवातीला आखली तीच राहिली. शंभर वर्षांपूर्वीच्या आखणीला याहून मोठी पावती नाही.

१९९० च्या दशकात भिऱ्याला १५० मेगावॉटचा उदंचन संच सुरू झाला. रात्री वीज शिल्लक असते तेव्हा तो खालचे पाणी पुन्हा वर चढवतो आणि दिवसा गरजेच्या वेळी तेच पाणी खाली सोडून वीज देतो. त्यासह तिन्ही ठिकाणची एकूण क्षमता ४४७ मेगावॉट होते. २००० मध्ये तीन स्वतंत्र कंपन्या टाटा पॉवर या एकाच नावाखाली आल्या आणि आठ दशकांपूर्वी वेगवेगळे सुरू झालेले तीन प्रवाह एकत्र झाले.

याच वर्षांत राज्यभर विजेचे भारनियमन चालू होते. मुंबईत मात्र ते टळले. राज्याच्या किंवा देशाच्या वीजजाळ्यात मोठा बिघाड झाला, तर मुंबईचा भाग आपोआप वेगळा करून स्वतःच्या केंद्रांवर चालवायचा, अशी व्यवस्था शहरासाठी करण्यात आली आहे. बाहेर अंधार पसरला तरी आत लोकल, रुग्णालये आणि पाणीपुरवठा चालू राहावा, हा तिचा हेतू. या व्यवस्थेत काही मिनिटांत फिरणाऱ्या पाणचक्क्यांचे महत्त्व फार मोठे. वादळी पावसातून शहराचे कवच घडते, ते या अर्थाने.

२०११ ते आजपर्यंत : शंभरीनंतरचे काम

२०१५ मध्ये खोपोलीच्या विजेला शंभर वर्षे झाली. कवचाची परीक्षा १२ ऑक्टोबर २०२० रोजी आली. त्या सकाळी वीजजाळ्यातील बिघाडामुळे मुंबई आणि परिसर अंधारात गेला आणि शहराला वेगळे करणारी व्यवस्थाही त्या वेळी टिकली नाही. पुरवठा पूर्ववत करताना घाटाखालचे जलविद्युत संच कामी आले. ज्या यंत्राला सुरू होण्यासाठी बाहेरची वीज फारशी लागत नाही, तेच अशा वेळी प्रथम उभे राहते, हा धडा त्या दिवशी पुन्हा सर्वांपुढे आला.

धरणांवरचे रोजचे कामही बदलले आहे. लोणावळा धरणाच्या सांडव्यावरून पाणी आपोआप वाहू लागते, म्हणून पातळी वाढत जाते तसतसे इंद्रायणीकाठच्या वस्त्यांना आधीच सावध केले जाते. एकेकाळी वीज घडवण्यापुरती असलेली पाण्याची नोंद आता पूरव्यवस्थापनाचाही भाग झाली आहे. पाणलोटात झाडे लावण्याचे काम चालू आहे, कारण उघड्या डोंगरावरून येणारा गाळ तलावाचे आयुष्य कमी करतो. वळवणची बाग पर्यटकांच्या ओळखीची झाली आहे. मुंबई–पुणे द्रुतगती महामार्गाच्या नव्या जोडमार्गाचा बोगदा तर लोणावळा तलावाखालून खोदण्यात आला. तलावाच्या वरून पाऊस आणि खालून वाहने, अशी आजची स्थिती आहे.

पुढचा टप्पाही याच भागात आखला जात आहे. शिरोता येथे १८०० आणि भिवपुरी येथे १००० मेगावॉटचे उदंचन प्रकल्प उभारण्यासाठी २०२३ मध्ये राज्य शासनाशी करार झाला. दिवसा सूर्यापासून मिळणारी जास्तीची वीज वापरून पाणी वर चढवायचे आणि सूर्य मावळल्यावर ते खाली सोडायचे, हे त्यामागचे तत्त्व आहे. सौर आणि पवन वीज वाढत जाईल तसे वीज साठवण्याचे ठिकाण अधिक मोलाचे होत जाईल. त्यासाठी लागणारा उतार सह्याद्रीने आधीच दिला आहे आणि वरचे तलाव आपल्या पूर्वजांनी बांधून ठेवले आहेत.

ऋणनिर्देश आणि पुढची जबाबदारी

या इतिहासात जमशेटजी आणि दोराबजी यांची दूरदृष्टी आहे, गॉस्टलिंग, जॉयनर, डिकिन्सन, गिब्ज यांचे तंत्रज्ञान आहे आणि भारतीय भांडवलदारांचा विश्वास आहे. त्यांच्याबरोबरीने वडारी, बिगारी, मुकादम, फिटर, लाइनमन, पहारेकरी आणि मत्स्यकेंद्रातले कामगार आहेत. शिरोता, ठोकरवाडी आणि मुळशीच्या पाण्याखाली ज्यांची घरे गेली ते शेतकरीही आहेत. यांपैकी कोणाचाही वाटा वगळला तर वृत्तान्त अपुरा राहतो.

मावळच्या पावसाने मुंबईला उभे केले, हे आता सर्वमान्य आहे. पुढच्या टप्प्यात मावळलाही त्याचा वाटा मिळावा, अशी येथील गावांची रास्त अपेक्षा आहे. नवे प्रकल्प येतील तेव्हा स्थानिक तरुणांना तंत्रशिक्षण आणि काम, तलावाकाठच्या वाड्यांना पिण्याचे पाणी, रस्ता आणि खात्रीची वीज, विस्थापितांच्या वारसांची नीट नोंद आणि धरणांच्या दगडी भिंतींचे वारसा म्हणून जतन, या चार गोष्टी आराखड्यातच लिहिल्या गेल्या पाहिजेत. प्रकल्पाच्या पहिल्या शतकात मावळने पाणी, जमीन आणि मनुष्यबळ दिले. दुसऱ्या शतकात या तिन्हींचा परतावा मावळच्या घरांपर्यंत पोहोचवण्याचे काम आजच्या पिढीचे आहे.